रस्सीखेचीची आंबट फिल्म

निघालो होतो मलंगगडाला. पालेगावात पाणी प्यायला थांबलो आणि बेतच बदलला!

नव्वदच्या आसपासची गोष्ट. ओट्यावर भास्करदादा भेटले, अंबरनाथच्या फॅक्टरीतले जुने कामगार. "फॅक्टरीच्या खेळांत रस्सीखेच आमी पालेगाववाले जिकलेलो रं. ढाल दिली सायबांच्या टीमला. फिलीम काढलेली हाय, बघ जा!" पंधरा वर्षं ते हेच सांगत होते आणि गाव हसत होतं.

फिल्म काढणारे निघाले आमच्या बदलापूरचे नानाकाका, त्याच फॅक्टरीतले निवृत्त अधिकारी. गड गेला उडत, मी उलटा फिरलो. नानाकाका म्हणाले, "डबा सूनबाईंनी भंगारात दिला. कॅम्प चारला, सिंधी बाजारात." निकाल विचारला, तर त्यांनी चहा मागवला.

दुसऱ्या दिवशी विठ्ठलवाडीला उतरून चालत कॅम्प चार. जाल तर दाल-पकवान खाल्ल्याशिवाय पुढे सरकू नका. वाटेत शर्ट शिवणारे बघत तासभर रेंगाळलो, चाळीस रुपयांत चौकड्यांचा एक घेतलाही. आणि शेजारीच फिल्मचं भंगार! सोड्याच्या उकळत्या पाण्यात फिल्म धुतात. चित्र जातं, चांदी सुटते, उरलेली काचेसारखी पट्टी शर्टाच्या कॉलरमध्ये घालतात. मी धावतच आत शिरलो.

डब्यावरचं 'रस्सीखेच' सांगितल्यावर भंगारवाले शेटजी हसले. "वो? रील के बाहर का माल धो डाला. अंदर का खट्टा निकला, साईं. सूंघो!"

झाकण उघडलं, तर लोणच्याच्या बरणीसारखा वास. आंबलेली फिल्म तडकते, कॉलरला चालत नाही. म्हणून वाचली! मी भर गल्लीत नाचायचाच बाकी होतो.

रविवारी भास्करदादांना घेऊन नानाकाकांकडे. खिडकीच्या उजेडात फिल्म धरली. नखाएवढ्या चौकटींत काळ्या मिशांचे भास्करदादा, टाचा मातीत रुतलेल्या, दोर ताणलेला... आणि पुढे काहीच नाही. दाखवून झाल्यावर नानाकाकांनी रीळ सुलट गुंडाळलंच नव्हतं. शेवट बाहेर राहिला, आणि तोच आधी धुतला गेला.

"म्हंजे आता कोनीच नाय सांगनार," भास्करदादा म्हणाले.

नानाकाकांनी चष्मा काढून पुसला. "भास्कर, कॅमेऱ्यातून मी बघत होतो. तुम्हीच जिंकलात."

"आनि इतकी वर्सं तोंड शिवलेलं काय?"

"माझे साहेब हरले होते रे."

"मंग आता बोला. मोठ्यानं. गावाला ऐकू जाईल असं!"

उरलेली फिल्म मुंबईत व्हिडिओवर उतरवून घेतली. चित्र संपतं तिथे काळा पडदा, आणि नानाकाकांचा आवाज: "पालेगाव जिंकलं." गावाने कॅसेट तीनदा लावली. पहिल्या खेपेला शिट्ट्यांत आवाजच बुडाला होता.

तुमच्या घरी जुने डबे असतील, तर आधी उघडून वास घ्या. आणि रीळ सुलट गुंडाळा, बाबांनो!

घरी पहिल्याच धुण्यात माझ्या नव्या शर्टाच्या कॉलरमधून पट्टी बाहेर आली. आरपार दिसणारी, कडेला बारीक चौकोनी भोकांची रांग. कुणाची फिल्म, कोण जाणे. पण पालेगावचं कुणी भेटलं, की मी ती अजून पाकिटातून काढून दाखवतो: "ओळखा, हे कोण जिंकतंय?"