दिवसा लावलेली दारं

उरणकडच्या आमच्या कोळीवाड्यातून निघालो तेव्हा टेम्पोत एक कपाट, एक गादी आणि मांडीवर फ्रेम केलेली बी.कॉम.ची डिग्री होती. घराण्यातला पहिला ग्रॅज्युएट मी. मिरवली, त्यात लाज कसली? बाबा गेल्यापासून आई एकटीच. तिला म्हटलं, तूही चल. ती म्हणाली, "तू हो पुढं. बघू तिकडं कसा काय हाय."

तासाभराचा रस्ता. याला गाव सोडणं म्हणावं का, तेच मला कळत नाही.

दोन वर्षांनी, गणपती झाल्यावर, आई माझ्या सुकापूरच्या फ्लॅटवर पहिल्यांदा आली. लिफ्टमधून उतरली आणि पॅसेजमध्येच थबकली. मजल्यावरची सगळी दारं बंद. आमच्याकडे दिवसाउजेडी कुणाचं दार लोटलेलं दिसलं की काहीतरी वाईट घडलंय असं समजून माणसं विचारायला जातात. आईने हळूच विचारलं, "कोन गेला रं?"

"कुणी नाही गं. इथं असंच असतं."

तिला काही ते पटलं नाही. दुसऱ्या दिवशी मी कळंबोलीला ऑफिसात, आणि हिने समोरच्या काकूंची बेल वाजवली. "बाय, घरान सगली बरी हायत ना?"

संध्याकाळी आलो तर काकू माझ्या सोफ्यावर. आपल्या ऑपरेशनबद्दल सांगत होत्या. दोन वर्षं लिफ्टमध्ये त्यांना गुड मॉर्निंग म्हणतोय. ऑपरेशनचा मला पत्ताच नाही.

"अहो, तुमच्या आईंनी मला मेलीच समजलं!" काकू हसत म्हणाल्या.

"मंग? भूतच आयलाय चाय प्यायला," आई म्हणाली.

वाटलं, रमली. जेवताना विचारलं, कायमची राहतेस का?

"नाय रं बाला. मानसां चांगली हायत. पन रोज कोनाकोनाची बेल वाजवू मी?"

ती गावी परत गेली. आता लिफ्टमध्ये काकू विचारतात, "आई कधी येणार?" बघू, म्हणतो मी. त्या बेल वाजवत नाहीत, मीही नाही. एका रविवारी बटणापर्यंत हात नेला, पण सांगायला काही काम नव्हतं. नुसतं बरं आहे ना विचारायला कसं जायचं?

गावातले म्हणतात, शिकला आणि लांबचा झाला. शिकल्याचा मला पस्तावा नाही. जिथं कारण नसताना आत शिरता येतं ते घर, असं मी धरून चाललो होतो. पण परवा गावी गेलो, चुलतीचं दार सताड उघडं होतं, तरी मी उंबऱ्याबाहेर थांबून कडी वाजवली.

आतून तिचा आवाज आला, "कोन पावना हाय?"