शिंपल्यांची खिडकी

तेजस्वी अंधारात बसते, ही काळजी काही केल्या माझ्या मनातून जात नाही. दुपारी सगळं जामसंडे लख्ख उन्हात असतं आणि माझी मुलगी मागच्या खोलीत दिवा न लावता बसलेली. शेजारची सुशीला परवा कुजबुजली, "जपानात काय झाला काय गो तिका?"

काही झालेलं नाही. पुण्यात जपानी शिकली, ओसाकात दुभाषी होती, कंटाळून परत आली. मागच्या खोलीत तिला पर्यटक ठेवायचे आहेत. त्या खोलीला आजेसासऱ्यांनी गोव्याहून आणलेली खिडकी आहे, काचांच्या जागी शिंपल्यांचे पातळ तुकडे बसवलेली. ह्यांना ती काढून ॲल्युमिनियमची हवी. सुतारकाम करणारा देवेश उद्या सकाळी ती काढायला येणार आहे.

तेजस्वी म्हणते, जपानातल्या जुन्या घरांत खिडकीला कागद लावतात. ऊन त्यातून गाळून आत येतं. कोपरे मुद्दाम काळोखे ठेवतात. खोलीला शोभा येते ती त्या सावलीनेच. "आपल्या पावसात कागद कुजेल. पण आपल्याकडे शिंपले आहेतच की!"

आज जेवताना ह्यांनी ताट सरकवलं. "लोकांका वाटतला, हेंच्याकडे लाईटबिल भरूक पैशे नाय!"

"बाबा, तुमी आंबे पिकूक काळोखात आढीत घालतास, तेव्हा वर ट्यूब लावतास काय?"

हापूसच्या बागायतदाराला हा प्रश्न! "आंबो येगळो, माणूस येगळो," म्हणून हे हात धुवायला उठले.

"खिडकी काढलास, तर मी ओसाकाक परत जातलंय," ती त्यांच्या पाठीला म्हणाली. पोकळ धमकी देणारी मुलगी नाही ती.

ऊन उतरल्यावर मी तिच्या शेजारी जाऊन बसले. आधी काहीच दिसेना. मग समोरची भिंत दुधावरच्या सायीसारखी उजळली. कोपऱ्यातली पितळी घागर नुसती कडेने चमकत होती. मग तिचा चेहरा दिसला. ओसाकातल्या ऑफिसच्या पांढऱ्याफटक उजेडातून व्हिडिओ कॉलवर बोलायची, तेव्हा तो सुकलेला असायचा. आता नव्हता.

"दिवा लावू?" मी सवयीने विचारलं.

"गप बस गो आई जरा."

बसले.

आता हे घोरतायत. उद्या रुसतील, सुशीला गावभर सांगेल. सांगू दे. देवेशला झोपेतून उठवावं लागेल, तर उठवते. फोन उचलला की त्याला सांगणार आहे, हे घर माझंही आहे, खिडकीला हात लावायचा नाही.