बाहेर गेलेले रोट

आमच्या घरी कानबाई बसते. नागपंचमीनंतरच्या रविवारी नारळाला डोळे आणि नथ लावून तिला पाटावर मांडायचं, रात्रभर गाणी म्हणायची आणि सोमवारी तापीत शिरवायची, म्हणजे विसर्जन करायचं. त्याआधी घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावानं सव्वा मूठ गहू काढून दळतात. बायकांच्या नावानं मूठ नसते, राबायला मात्र बायकाच. देवी स्वतः बाई असून तिला हे कसं चालतं, असं मी लहानपणापासून विचारत आलेय आणि बोलणी खात आलेय. त्या पिठाच्या पोळ्या, खीर आणि गंगाफळाची, म्हणजे लाल भोपळ्याची, भाजी म्हणजे रोट. ते पौर्णिमेच्या आत संपवायचे आणि बाहेरच्या माणसाला त्यातला घासही द्यायचा नाही. दिला तर देवी कोपते.

काकूनं दिला.

माझे वडील आणि काका दोघंही पेपर मिलमध्ये होते. कॉलनीत आमचे क्वार्टर शेजारी-शेजारी. काकूच्या मुलाला मी दादा म्हणायची. समोरच्या लाइनीत त्याचा कॉलेजातला दोस्त राहायचा, त्याचं घर मूळचं उत्तर प्रदेशाकडचं. त्या श्रावणात दोस्त दादाला बोलवायला आला, तेव्हा आम्ही रोट खायला बसलो होतो. तो दारातच थांबला. "भुकं पोरगं दारात उभं हाय, अन् मी ताट झाकून ठेवू का?" म्हणत काकूनं त्याला आत घेतलं आणि पोटभर वाढलं. तिचा हातच तसा होता. कॉलनीतलं कुठलंही पोर तिच्या ओट्यावरून रिकाम्या हातानं गेलेलं मला आठवत नाही. माझी आई, म्हणजे तिची थोरली जाऊ, नुसती बघत राहिली.

पुढच्याच महिन्यात गणपती बुडवायला दोघं मिळून तापीत उतरले. पाणी चढलेलं होतं. दोस्त परत आला, दादा आला नाही.

तेराव्याला भांडी आवरता आवरता आई एवढंच म्हणाली, "औंदा रोट बाहेर गेल्ते ना." मनात काही वाईट नव्हतं तिच्या. कुणीतरी काहीतरी बोलायला हवं होतं, ते ती बोलली. पण काकूच्या हातातली परात तिथंच थांबली. संध्याकाळी दोस्त आला, बाहेरून "काकी, काकी" करत राहिला. काकूनं दार उघडलं नाही. आमच्यापैकीही कुणी उठलं नाही.

त्यानंतर काकूनं आपल्या हातानं कुणाला काही दिलं नाही. हळदीकुंकू बंद झालं. शेजारीण साखरेची वाटी घेऊन आली, तर काकू डबा पुढे सरकवायची आणि म्हणायची, "तूच घे." रोटाच्या पिठाला तर ती शिवलीच नाही, घरातली असून सणाला पाहुण्यासारखी कोपऱ्यात बसायची. झोप उडाली, पाण्याचा आवाज सहन होईना. नातेवाईक म्हणाले, देवीचं आहे, देवीच बघेल. मला या लोकांचा तेव्हाही संताप यायचा, आजही येतो.

दोन्ही घरं निवृत्तीनंतर बऱ्हाणपुरात राजपुऱ्याला आली. गेल्या वर्षी मी काकूला मानसिक आजारांच्या डॉक्टरांकडे घेऊन गेले. गोळ्यांनी झोप लागली. डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले, यांच्या डोक्यावर दोष बसलाय, तो ज्यानं ठेवला त्यानंच उचलला तर बरं. मी आईच्या मागे लागले. या श्रावणात दळण काढताना आईनं काकूचा हात धरला आणि कानबाईच्या रिकाम्या पाटासमोर म्हणाली, "त्या दिवशी मी बोलले ते गलत होतं. रोटाचं अन् पोराचं काही नव्हतं. तुह्या हातून काहीच नाही झालं."

मला वाटलं, आता ती सुटली.

काकूनं विचारलं, "मंग तो कायले गेला, जिजी?"

इतकी वर्षं तिच्याजवळ निदान एक कारण होतं. ते आम्हीच तिच्या गळ्यात बांधलं आणि आम्हीच सोडवून घेतलं, बदल्यात द्यायला काही नसताना. दादा गेला तेव्हाही ती जेवढी रडली नव्हती, तेवढी त्या दुपारी रडली. पदर तोंडात कोंबून नाही, मोठ्यानं.

दुसऱ्या दिवशी रोटाचं पीठ तिनं मळलं. पहिल्या पोळ्या स्टीलच्या डब्यात भरल्या, खिरीची कडीची डबी वर ठेवली आणि माझ्यासमोर आणून म्हणाली, "त्या पोराले दे. दारातून तसाच गेल्ता."

मी फोन हातात घेतला आणि मग कळलं, त्याचा नंबर आमच्यापैकी कुणाकडेच नाही. कॉलनीत जाऊन आले. त्या लाइनीत आता दुसरेच लोक राहतात. कुणी म्हणालं, ती मंडळी गावी गेली. कुठलं गाव, ते कुणाला ठाऊक नव्हतं. तोही त्याच पाण्यातून बाहेर आला होता. त्याला झोप लागते का, हे आम्ही कधी विचारलं नाही.

पौर्णिमेपर्यंत डबा ओट्यावर होता. दाराची कडी वाजली की काकू आधी डब्याकडे बघायची.