बिनतेलाचं मशीन

बिनतेलाच्या कॉम्प्रेसरला तेल पाजणारं घर शोधूनही सापडायचं नाही. आमचं होतं. इतकी वर्षं झाली, तरी खंडेनवमी जवळ आली की माझं डोकं तापतं, आणि ते थंड करायच्या भानगडीत मी पडत नाही.

मी दातांची डॉक्टर. फुलंब्रीच्या रस्त्याला सासऱ्यांच्या शेताचे प्लॉट पडले, त्यातल्याच एकावर आम्ही घर बांधलं आणि पुढच्या खोलीत मी दवाखाना थाटला. दवाखान्याचा सगळा जीव कॉम्प्रेसरमध्ये असतो. तो हवा दाबून टाकीत भरतो, त्या हवेवर माझं ड्रिल फिरतं आणि त्याच हवेनं मी दात कोरडा करते. जुना कॉम्प्रेसर इतका धडधडायचा की सासूबाईंना टीव्हीवरची मालिका ऐकू यायची नाही. मालिका बुडू नये म्हणून मी हा आवाज न करणारा, बिनतेलाचा आणला. त्याचं कौतुक सोडाच, घरात त्याला 'तुझं ते मशीन' यापलीकडे नाव मिळालं नाही.

ती दुष्काळाची वर्षं होती. टँकरची वाट बघत बायका पिंप घेऊन रस्त्यावर उभ्या, आणि समोर मात्र इमारतीवर इमारत चढत होती. प्यायला नसलेलं पाणी बांधकामाला कुठून मिळायचं, देव जाणे. त्या सगळ्या बांधकामांची धूळ माझ्या मशीनच्या फिल्टरमध्ये येऊन बसायची. महिन्यातून एकदा झाकण फिरवून काढायचं, आतला स्पंज झटकायचा, पुन्हा बसवायचा. रोज संध्याकाळी टाकीखालचा कॉक सोडून साचलेलं पाणी काढायचं. बऱ्या पावसाळ्यात वाटीभर निघतं, त्या वर्षी नुसतीच हवा फुसफुसायची. "तेवढं पाणी तुळशीला घाल," असं नवरा म्हणायचा आणि स्वतःच हसायचा. स्पंज झटकायला मात्र त्याचा हात कधी पुढं आला नाही.

सासऱ्यांना सगळे दादा म्हणतात. विहिरीवर त्यांचं ऑइल इंजिन होतं. ते त्यांनी आयुष्यभर स्वतः खोललं, स्वतः जोडलं. विहीर आटली, इंजिन भंगारात गेलं, शेताचे प्लॉट झाले, आणि दादांच्या हातांना काही काम उरलं नाही. खंडेनवमीला ते हात मोकाट सुटले. शिलाई मशीन, मोटरसायकल, विळी, अडकित्ता, सगळं पुसून, तेल देऊन त्यांनी ओळीनं मांडलं. आमच्याकडे त्या दिवशी कुठल्याच हत्याराला काम लावत नाहीत, म्हणून दवाखाना बंद ठेवून मी स्वयंपाकात अडकले होते. पूजेला बाहेर आले तर माझ्या कॉम्प्रेसरलाही हळदीकुंकू, वर झेंडूची माळ. मला बरं वाटलं. या घरात पहिल्यांदाच कुणी त्याला हत्यार मानलं होतं.

दसरा झाला आणि माझी सिमेंटं निघायला लागली. दाताच्या रंगाचं सिमेंट भरावं, आणि चार दिवसांत पेशंटनं ते कागदाच्या पुडीत बांधून परत आणावं. कॉलनीतल्या एका शाळेच्या बाईंचा पुढचा दात मी भरला, ते सिमेंट वर्गात शिकवतानाच निघालं. पुन्हा भरलं, पुन्हा निघालं. टँकरच्या रांगेत बायका बोलायला लागल्या, "तिच्याकडं नका जाऊ, तिचं काय टिकत नाय." माझं नाव धुळीला मिळत होतं आणि मी सिमेंटच्या डब्या बदलत बसले होते.

शेवटी एकदा पेशंट गेल्यावर मी स्वच्छ आरशावर हवा मारून बघितली. आरसा तेलकट झाला. धावत जाऊन फिल्टर खोलला, तर स्पंज शिलाई मशीनच्या तेलात निथळत होता. तेल आत ओढलं गेलं होतं, टाकीत, नळ्यांत, आणि तिथून माझ्या प्रत्येक पेशंटच्या दातावर. तेलकट दातावर सिमेंट कसं धरणार?

नवऱ्याला सांगितलं, तर तो म्हणाला, "दादांना बोलू नकोस. विहीर गेली, शेत गेलं, मनाला लावून घेतील."

म्हणजे या घरात सगळ्यांची मनं नाजूक, माझंच तेवढं लोखंडी! मी त्याच दिवशी जेवताना बोलले. आवाज चढवूनच बोलले.

दादांचा घास हातातच राहिला. "मशीनला तेल लागत नाय? मंग ते चालतं कशावर?"

"त्याच्या पिस्टनच्या रिंगा कोरड्याच चालतात, दादा. तेलानं त्या खराब होतात. निदान विचारायचं तरी मला!"

"इंजिनाला तेल घालायला म्या कधी कुणाला विचारलं?" ते म्हणाले आणि ताटावरून उठले. सासूबाईंनी माझ्याशी बोलणं सोडलं.

रिंगा बदलल्या, टाकी धुऊन घेतली, नळ्या नव्या टाकल्या. दवाखाना उघडला, पण बाक रिकामाच. मग एका सकाळी त्या शाळेच्या बाई आल्या. दात दाखवायला नव्हे, आपला एक्स-रे परत न्यायला. आता त्या शहरात, औरंगपुऱ्यातल्या डॉक्टरकडे जाणार होत्या. मी सगळं सांगायला तोंड उघडलं, तेवढ्यात ओट्यावर बसलेले दादा उठून आत आले.

"बाई, डॉक्टरची चूक नाय. मशीनमधी तेल म्या वतलं. तिला ठावं बी नव्हतं. जे झालं ते माझ्यामुळं झालं."

या माणसाकडून मला याची अपेक्षा नव्हती.

बाईंनी आधी दादांकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि हसल्या. "नशीब लागतं हो असला सासरा मिळायला. सुनेची चूक स्वतःच्या अंगावर घेणारा."

"आवो, खरंच म्या वतलं!" दादा ओरडले. "खोटं कशाला बोलू?" ते बाईंच्या मागं फाटकापर्यंत गेले. बाईंनी त्यांना वाकून नमस्कार केला आणि गाडी सुरू केली.

संध्याकाळपर्यंत कॉलनीभर झालं. दादा देवमाणूस ठरले. आणि मी? सासऱ्यानं पांघरूण घातलं म्हणून वाचलेली डॉक्टर.