डावीकडची जागा

अक्का मागे येऊन उभ्या राहिल्या की माझा माऊसवरचा हात थिजायचा. भुसावळला त्यांच्या डीटीपीच्या दुकानात मी डिझाइनचं काम शिकले, म्हणजे खरं तर भीत भीत शिकले. अक्का ओरडायच्या नाहीत. डोळे बारीक करून स्क्रीनकडे बघायच्या आणि नुसतं ‘हं’ म्हणायच्या.

एकदा फैजपूरच्या केळीच्या व्यापाऱ्यासाठी खोक्यावरचं लेबल केलं होतं. केळीचा घड मी मापानं अगदी मधोमध बसवला होता. अक्कांनी तो केसभर डावीकडे सरकवला, जरासा वर उचलला, आणि काय सांगू, लेबल एकदम सावरून बसलं. “मधोमध कॉम्प्युटरला कळतं. माणूस वजन बघतो,” एवढंच म्हणाल्या. त्यांच्याशी वाद घालायची माझी काय छाती!

म्हणूनच या उन्हाळ्यात त्यांनी जुळवलेली एक लग्नपत्रिका पाहिली, तेव्हा मी आधी स्वतःलाच वेड्यात काढलं. गणपती, वधूवरांची नावं, सगळं उजवीकडे दाटलेलं. डावा अर्धा कागद रिकामा. म्हटलं, असेल बाई काही नवी पद्धत. तरी भीत भीत नावं मध्ये आणली. अक्कांनी ती पुन्हा उजवीकडे ढकलली आणि आता बरोबर वाटतंय म्हणून समाधानानं मान हलवली. त्यांच्या डाव्या कोपराजवळ चहा गार होत होता आणि त्या मला विचारत होत्या, चहा अजून कसा आला नाही.

आजवर त्यांना भ्यायले होते, पण हे भय निराळंच होतं.

“अक्का, तुम्हाला डावीकडचं दिसत नाहीये.”

त्यांची चूक मी पहिल्यांदाच काढत होते. त्या चिडल्या, काहीही बोलते म्हणाल्या. मी ऐकलं नाही. शेजारच्या दुकानदाराला गाडी काढायला लावली आणि त्यांना तडक जळगावला नेलं. मेंदूत रक्ताची गाठ निघाली. डॉक्टर म्हणाले, जीव वाचेल, बाकीचं आत्ताच सांगता येत नाही.

संध्याकाळी मी त्यांच्या पलंगाशी बसले होते. त्यांचा डावा हात मी दोन्ही हातांत घट्ट धरला होता. अक्कांनी उजवीकडे उभ्या असलेल्या नर्सला विचारलं, “दुकानातली माझी पोरगी गेली का हो घरी?”

“अक्का, मी इथंच आहे,” मी कसंबसं म्हणाले.

त्या उजवीकडच्या दाराकडे बघून हसल्या.

“मग आत ये ना. घाबरतेस कशाला?”