ओटीचा खण आणि गुंडाळलेलं खातं

जर्मनीत डार्मश्टाटला मास्टर्स संपवून मी ज्वारीच्या पिठाची गिरणी काढायची ठरवली, तेव्हा ओळखीच्या सगळ्यांनी मला वेड्यात काढलं. पण इथली मराठी घरं भाकरीच्या पिठासाठी किती तळमळतात, ते मला ठाऊक होतं. दुकानाला जागा बघितली, पुण्याहून छोटी गिरणी मागवली. हवी होती फक्त स्वतःचा धंदा करायची परवानगी, तीही व्हिसा संपायच्या आत.

त्याच सुमाराला आमच्या छोट्या शहराने व्यापार आणि स्थलांतर असं एकच खातं काढलं. परदेशी माणसाने दोन कचेऱ्यांत हेलपाटे घालू नयेत म्हणून. कल्पना चांगली होती, म्हणून तर अजून संताप होतो. तिथल्या बाई स्वतः जागा बघायला आल्या. पीठ चिमटीत धरून म्हणाल्या, "गेनाऊ, अगदी तुमच्यासारख्यांसाठीच आहे आमचं खातं."

माझी आई तेव्हा माझ्याकडे आली होती. दारी आलेली बाई रिकामी कशी जाईल? तिने तांदूळ, नारळ आणि हिरवा खण घालून बाईंची ओटी भरली. बाई गहिवरल्या. मी कौतुकाने बघत उभी. चार वर्षं जर्मनीत काढून मला एवढी अक्कल नव्हती, की इथे सरकारी माणसाच्या हातात काही ठेवायचं नसतं.

बाईंनी दुसऱ्याच दिवशी ती भेट इमानेइतबारे नोंदवून कचेरीत जमा केली. नियमाप्रमाणे माझा अर्ज त्यांच्याकडून काढून एका सहकाऱ्याकडे गेला. तो लांबच्या रजेवर. तो परत येईस्तोवर नगरपालिकेने खातंच गुंडाळलं. जेमतेम दीड वर्ष चाललं ते. माझी अर्धी फाइल व्यापाराच्या कचेरीत गेली, अर्धी आउसलेंडरबेहोर्डेत, व्हिसा देणाऱ्यांकडे. दोघांचं एकच पालुपद, आधी त्यांचं उत्तर येऊ द्या. त्या रागात मी गावी परतलेल्या आईला फोनवर नाही नाही ते बोलले.

व्हिसा संपायला तीन आठवडे उरले तेव्हा दूरच्या शहरात, उंटरश्लाइसहाइमला, सॉफ्टवेअरची नोकरी धरली. गिरणी तळघरात गेली.

यंदा त्या जुन्या नगरपालिकेचं पत्र आलं. आपली वस्तू ताब्यात घ्या. मी रजा टाकून गेले. माझा अर्ज कुठे आहे ते काउंटरवरच्या माणसाला सांगता येईना. खण मात्र होता, पाकिटात, क्रमांकासकट, घडीसुद्धा न मोडलेला. नारळ नाशवंत म्हणून नष्ट केल्याचा वेगळा कागद होता. नारळाची एवढी काळजी घेतली होती त्यांनी.

"इथे सही करा," तो म्हणाला.

"भरलेली ओटी आम्ही परत घेत नाही."

"आल्झो, हे बघा, सहीशिवाय ही फाइल मला बंद करता येणार नाही."

"मग राहू द्या उघडी," म्हटलं आणि निघाले. त्या शहरात माझ्या नावाचं एक तरी काम अजून चालू आहे.