हंसाबाईचा धोपा

दिग्रसच्या बाजारात धोप्याची पानं विकणाऱ्या बायका चार असतील, पण शीलाताईंच्या लेखी त्यातली एकच खरी, हंसाबाई. बाकीच्या तिघींकडे त्या ढुंकूनही पाहत नसत. धोपा म्हणजे पुण्याकडच्या लोकांचं अळू. शीलाताईंची पुण्यातली सून त्याला 'तुमची ती हत्तीच्या कानाची भाजी' म्हणते, आणि वड्या मात्र सगळ्यांत जास्त तीच खाते.

लग्न होऊन शीलाताई दिग्रसला आल्या, त्या वर्षीची गोष्ट. महालक्ष्म्यांच्या नैवेद्याला सोळा भाज्या लागतात. सासूबाईंनी यादी देऊन त्यांना बाजारात पिटाळलं. शीलाताई पंचायत समितीत नुकत्याच कारकून झालेल्या, फायली ओळखता येत, भाज्या नाही. नाल्याकाठी धोपा दिसला, तो त्यांनी स्वतःच तोडला आणि मोठा पराक्रम केल्यासारख्या घराकडे निघाल्या. वाटेत टोपली घेऊन बसलेल्या एका बंजारा बाईने ती जुडी पाहिली आणि हातातून ओढूनच घेतली.

"हे कोनाले चारतं वं? सासूले?"

शीलाताईंना राग आला होता. पण हंसाबाईने आपलं एक पान त्यांच्या पानाशेजारी उलटं ठेवलं आणि त्यांचं बोट धरून देठावर फिरवलं. "हा शाहना धोपा. याचा देठ पानाच्या मांगून, खाचेपासून आतमंदी लागते. अन् हा येडा. याचा देठ खाचेतच चिकटते. शाहना मान खाली घालून उभा राह्यते, येडा आभायाकडे तोंड करते." येडा पोटात गेला की जीभ सुजते, घसा आवळतो. त्यांच्या तांड्यातलं एक लेकरू असंच दवाखान्यात नेऊन कसंबसं वाचलं होतं.

तेव्हापासून छत्तीस वर्षं महालक्ष्म्यांच्या आदल्या दिवशी हंसाबाई यायची. घागरा सावरून ओट्याच्या पायरीवर बसायची, चहा बशीत ओतून फुंकायची आणि साऱ्या तांड्याच्या सोयरिकी सांगायची. काय ते दिवस! सासूबाई गेल्या त्या वर्षी ती भाजी न विकता दुपारभर नुसती बसून राहिली होती. शीलाताई रिटायर झाल्या तेव्हा म्हणाली, "बरं झालं. आता तरी भाजी ओयखाले शिक." आपल्याला हक्काने टोचून बोलणारी या गावात आता ही एकच उरली, असं शीलाताईंना त्या दिवशी वाटलं होतं.

यंदा हंसाबाई आली ती पायाने पायरी चाचपत. डोळ्यांत पांढरट झाक होती. शीलाताईंनी विचारलं, तर "कचरा गेला असंन" म्हणून तिने विषय उडवला. चहा प्यायली, जुडी ठेवली आणि गेली.

शीलाताई पानं पुसायला बसल्या. पाचव्या पानाशी हात थांबला. देठ खाचेत होता. सगळी पानं उलटून पाहिली तर अशी चार निघाली.

काय झालं असेल ते त्यांना लगेच कळलं. उन्हाळ्यात जेसीबी लावून नाला खोल केला, त्यात हंसाबाईची धोप्याची जागा गेली. इतकी वर्षं ती उंबराखालच्या त्याच एका जागेवरून डोळे मिटून तोडत असे. यंदा तलावाच्या बांधाखाली गेली असणार, आणि तिथे दोन्ही धोपे मिसळून उगवतात, डोळे उघडे हवेत.

"चार पानं फेकून दे अन् चूप राह्य," शीलाताईंचे यजमान नरहरराव म्हणाले. "म्हातारीचं मन कायले दुखवतं?"

शीलाताईंच्याही मनात तेच होतं. हंसाबाईची सारी इज्जत शाहना-येडा धोपा ओळखण्यावर उभी होती. पण आपल्या आधी ती आणखी दोन घरी पानं देऊन आली होती आणि त्यातल्या एका घरी लहान नातवंडं होती. शीलाताईंनी पायात चपला सरकवल्या.

हंसाबाई एसटी स्टँडवर सापडली. शीलाताईंनी त्या चारांतलं एक पान तिच्या हातात दिलं. तिचं बोट सवयीने पानाच्या मागे गेलं, देठ शोधत राहिलं आणि खाचेपाशी थांबलं.

"दोन घरी देल्ली," ती म्हणाली. "चाल."

पहिल्या घरी पानं अजून परातीत होती. दुसऱ्या घरी बेसन लावून उंडे वाफवायला ठेवले होते. रिक्षात शीलाताईंनी एक सभ्य थाप तयार ठेवली होती, टोपल्यांची अदलाबदल झाली वगैरे. हंसाबाईने तोंड उघडूच दिलं नाही. दारात उभी राहून मोठ्यानेच म्हणाली, "माह्या डोयाले दिसत नाई. येडा धोपा देल्ला म्या. फेका ते. आता माह्या हातचं खाऊ नोका."

त्या घरच्या बाई वाकडं बोलल्या नाहीत. पण पातेलं मोरीत नेताना त्यांनी पदर तोंडाला लावला, आणि ते हंसाबाईला त्या डोळ्यांनीही दिसलं.

त्यानंतर ती बाजारात आलीच नाही. दसऱ्यानंतर कळलं की शिबिरात तिचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, छान दिसायला लागलं. तरी ती येईना. शेवटी शीलाताईच ऑटो करून तांड्यावर गेल्या. छत्तीस वर्षांत पहिल्यांदा, आणि याची त्यांना वाटेत फार लाज वाटली.

हंसाबाई चुलीपुढे होती. घरच्यापुरती धोप्याची भाजी रटरटत होती.

"बाजारात काहून येत नाही?" शीलाताईंनी विचारलं.

"डोये बनले, माय. भरोसा कोन बनवून देते?"

"मला वाढा."

"नाई. तुले नाई देत."

शीलाताईंनी ताटली ओढली, स्वतःच पळीभर भाजी घेतली, भाकर मोडली आणि घास तोंडात घातला. हंसाबाई त्यांच्या गळ्याकडे पाहत राहिली. घास उतरला. दुसराही उतरला. तिसऱ्या घासाला तिने डोळे पुसले आणि आपल्यासाठी ताटली घेतली.